सेवेचा पहिला दिवस



‘पगार’ हा शब्द आपल्या घरोघरी इतका रुळला आहे की, तो परका असेल अशी शंकाही कोणास येत नाही. परंतु तो पोर्तुगीजांनी आपल्या किनाऱ्यावर आणून टाकलेला शब्द होय, आणि त्याचा मूळ अर्थ ‘देणे चुकते करणे’ एवढाच आहे. ज्या कोणी हा शब्द प्रथम उसना घेतला, त्याने नकळत एक मोठी गोष्ट कबूल करून टाकली: चाकराच्या हाती महिनाअखेर पडणारे द्रव्य ही धन्याची मेहेरबानी नसून धन्याच्या शिरावरचे कर्ज आहे. भाषेने जे इतक्या सहजतेने कबूल केले, ते कायद्याकडून कबूल करून घेण्यास मात्र फार काळ लागला. त्यातही केवळ या महिन्याचा पगार नव्हे, तर दहा-वीस-तीस वर्षे एकाच ठिकाणी राबलेल्या सेवकाला त्या दीर्घ सेवेबद्दल काही अधिक देणे लागते की नाही, हा प्रश्न अगदी अलीकडेपर्यंत न्यायालयांच्या पायऱ्या चढत-उतरत राहिला आहे.

हा प्रश्न मोठ्या शहरांतल्या मोठ्या कचेऱ्यांचा आहे असे समजू नये. नासिक जिल्ह्यातील बागलाण तालुक्यात मोसम नदीच्या काठी नामपूर नावाचे बाजाराचे गाव आहे. कांद्याच्या गाड्यांनी त्याचे रस्ते हंगामात भरून जातात. हरणबारीच्या धरणात अडविलेले याच मोसमचे पाणी खालच्या शेतांना मिळते आणि पुढे ही नदी मालेगावाजवळ गिरणेला जाऊन मिळते. अशा गावात सरकार म्हणजे कोण? मंत्री नव्हे, सचिवही नव्हे. जिल्हा परिषदेच्या शाळेतील गुरुजी, पाटबंधारे खात्याचा कालव्यावरचा मनुष्य, दवाखान्यातील परिचारिका, ग्रामसेवक आणि तलाठी हेच तेथील सरकार होय. यांतील बहुतेक जण ज्या पदावर नोकरीस लागतात, त्याच पदावर किंवा फार झाले तर त्याच्या वरच्या एका पायरीवर निवृत्त होतात. वरच्या जागाच थोड्या. मग गुणांचा उपयोग काय? कालव्यावर शंभर माणसे असली, तरी कालवा-निरीक्षक काही शंभर होऊ शकत नाहीत.

आपल्याकडील जुन्या ग्रंथांना ही अडचण ठाऊक नव्हती असे नाही. कौटिल्याने ‘भृत्यभरणीय’ नावाचे एक संपूर्ण प्रकरण नोकरांच्या वेतनासाठी खर्ची घातले आहे. राजमाता, पुरोहित, सेनापती यांना 48,000 पण, आणि अगदी तळच्या सेवकाला 60 पण! कामावर असता जो मरण पावेल त्याच्या बायकामुलांना निर्वाहवेतन द्यावे, असेही तो सांगतो. शुक्रनीतीत तर चाळीस वर्षे सेवा केलेल्या सेवकास पुढे काम न घेता अर्धे वेतन चालू ठेवावे अशी आज्ञा आहे. शुक्रनीतीचा काळ वादग्रस्त आहे आणि कित्येक पंडित तो ग्रंथ बराच अर्वाचीन मानतात, हे खरे. परंतु तो ज्या कोणी लिहिला असेल, त्याला चाळीस वर्षांचा हिशेब ठेवावासा वाटला, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. तथापि राजाने हे द्यावे असे सांगणे निराळे आणि राजाने न दिल्यास सेवकाने कोठे जावे हे सांगणे निराळे. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर या ग्रंथांत शोधू गेल्यास निराशाच पदरी येते.

इंग्रजी अमलात कचेऱ्या वाढल्या, नोंदवह्या वाढल्या, आणि कारकून नावाचा एक नवाच वर्ग उदयास आला. आरंभी या कारकुनाचे वेतन ठरीव असे. वरच्या श्रेणीतील कोणी मेला, निवृत्त झाला किंवा बदलून गेला म्हणजेच खालच्याचे चार रुपये वाढत. दुसऱ्याच्या मरणाकडे डोळे लावून बसण्याची ही रीत मोडून काढण्याचे श्रेय ‘वेतनश्रेणी’ या कल्पनेस दिले पाहिजे. 1 जानेवारी 1922 पासून जे मूलभूत नियम अमलात आले, त्यांनी वार्षिक वेतनवाढ ही नेहमीची, ओघानेच मिळणारी गोष्ट ठरविली. ती रोखावयाची तर तसा हुकूम काढावा लागे. हा बदल वरकरणी लहान, पण परिणामाने फार मोठा होता. आता काळ स्वतःच सेवकाच्या बाजूने काम करू लागला.

पण काळालाही त्यांनी दोन कुलपे घातली होती. श्रेणीच्या मध्यावर ‘दक्षतारोध’ असे. तेथे कार्यक्षमतेचा दाखला मिळाल्याशिवाय पुढची वाढ मिळत नसे. आणि श्रेणीच्या टोकाशी भिंत होती. ही भिंत किती जवळ असते ते एका उदाहरणाने सांगतो. चौथ्या वेतन आयोगानंतर, 1986 पासून, प्राथमिक शिक्षकाची श्रेणी 1200-30-1560-दक्षतारोध-40-2040 अशी होती. ज्यांच्या घरी कोणी शिक्षक होते त्यांना हे आकडे मंत्रासारखे पाठ असतील. 1200 पासून 1560 पर्यंत तीस-तीस रुपयांच्या बारा वाढी. तेथून 2040 पर्यंत चाळीस-चाळीसच्या आणखी बारा. एकूण चोवीस! म्हणजे विसाव्या वर्षी नोकरीस लागलेला गुरुजी चव्वेचाळिसाव्या वर्षी भिंतीशी येऊन उभा राही, आणि घरात मुलीचे लग्न व मुलाचे शिक्षण एकदमच उभे ठाकलेले असताना त्याचे मूळ वेतन मात्र जागचे हलत नसे. सरकारी भाषेत यास ‘कुंठितता’ म्हणतात. सरकारी परिभाषेतील जे थोडे शब्द खरोखर बोलके आहेत, त्यांपैकी हा एक होय.

आता न्यायालयांकडे वळू. पहिला प्रश्न होता तो असा, की सरकारी नोकराला पगारासाठी दावा तरी लावता येतो काय? इंग्लंडच्या जुन्या तत्त्वाप्रमाणे राजाचा सेवक राजाची मर्जी असेतोवर सेवक. त्याला राजावर फिर्याद कसली? 1937 च्या निर्णयसंग्रहात आलेल्या एका खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने सांगितले, की सेवेचे नियम सरकारने पाळावेत हे खरे, पण ते न पाळल्यास कोर्टात दाद मागता येणार नाही. वरिष्ठांकडे अर्ज करावा. 1948 मध्ये आय. सी. एस. मधील एका अधिकाऱ्याच्या खटल्यात त्याच कौन्सिलने त्याची बडतर्फी बेकायदा ठरविली, आणि त्याच निर्णयात त्याची थकलेल्या पगाराची मागणी मात्र फेटाळली. नोकरी गेलीच नव्हती, पण पगार मागता येत नव्हता! प्रांतोप्रांतीच्या थोरामोठ्यांची ही गत, तर मोसमकाठच्या शाळामास्तराने काय करावे?

ही कोंडी 1954 मध्ये आपल्या सर्वोच्च न्यायालयाने फोडली. बिहारमधील एका फौजदाराचा तो दावा होता. 1940 साली त्याला काढून टाकले होते, पुढे परत घेतले, पण मधल्या काळाचा पगार दिला नव्हता. न्यायालयाचा युक्तिवाद ऐकण्यासारखा आहे. आपल्या दिवाणी कायद्याप्रमाणे सावकाराला सरकारी नोकराचा पगार काही मर्यादेपर्यंत जप्त करता येतो. जी वस्तू सावकार सरकारकडून कोर्टामार्फत वसूल करू शकतो, ती वस्तू खुद्द मालकाला मागता येत नाही हे कसे? तेव्हा इंग्लंडचे ते तत्त्व या देशात लागू नाही. सरकारी चाकराच्या हक्काची पहिली वीट अशी सावकाराच्या जप्तीच्या कलमावर बसविली गेली, यात एक प्रकारचा विनोद आहे खरा; परंतु वीट पक्की बसली. 1971 मध्ये निवृत्तिवेतन ही मालमत्ता ठरली, आणि 17 डिसेंबर 1982 रोजी नकारा यांच्या खटल्यात, निवृत्तिवेतन हे दान नसून केलेल्या सेवेचे फळ आहे, असा निर्णय झाला. तो दिवस निवृत्त लोक अजून आपला दिवस म्हणून पाळतात.

मागण्याचा हक्क मिळाला. पण मागावयाचे काय? बढती मागता येत नाही, कारण बढतीस जागा लागते. महाराष्ट्रात बडकस आयोग झाला, भोळे आयोग झाला, 1977-78 चा चोपन्न दिवसांचा संप झाला. त्यांतून वेतन आणि महागाई भत्ता यांचे प्रश्न पुष्कळ मार्गी लागले, तरी भिंतीचा प्रश्न राहिलाच. न्यायालये या बाबतीत प्रथम सरकारला दटावू लागली. बिहार पोलिसांच्या बिनतारी संदेश शाखेतील लोकांना बढतीचा मार्गच नव्हता. 1988 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना निदान दोन बढत्यांची संधी मिळेल अशी व्यवस्था करण्यास सांगितले. पुढच्याच वर्षी एका वैज्ञानिक संस्थेतील अभियंत्याच्या प्रकरणात, मनुष्य केवळ एका कामासाठी नव्हे तर साऱ्या कारकिर्दीसाठी नेमलेला असतो, असा विचार न्यायालयाने मांडला.

यावर सरकारांनी जी तोड काढली ती मोठी चतुर होती. जागा वाढवावयाच्या नाहीत, काम बदलावयाचे नाही, पदनाम तेच ठेवावयाचे; केवळ ठराविक वर्षे भरली म्हणजे वरच्या जागेचे वेतन द्यावयाचे. महाराष्ट्र शासनाने 8 जून 1995 च्या निर्णयाने ‘कालबद्ध पदोन्नती’ची ही योजना गट ‘क’ व ‘ड’ यांतील सेवकांसाठी काढली आणि ती 1 ऑक्टोबर 1994 पासून लागू केली. बारा वर्षांची नियमित सेवा झाली, बढतीस तो मनुष्य पात्र असला, आणि जागेअभावी ती मिळाली नसली, म्हणजे वरची श्रेणी. 2001 मध्ये तिचे नाव ‘सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना’ असे झाले. पुढे 12 व 24 वर्षांनंतर असे दोन लाभ आले, आणि 2 मार्च 2019 च्या निर्णयाने 10, 20 व 30 वर्षांनंतर असे तीन झाले. केंद्र सरकारने आपल्या नोकरांसाठी 1999 मध्ये अशीच योजना काढली आणि 2009 मध्ये ती सुधारली. शिक्षकांची वाट निराळी. प्राध्यापक चट्टोपाध्याय यांच्या अध्यक्षतेखालील राष्ट्रीय शिक्षक आयोगाच्या शिफारशीवरून त्यांना बारा वर्षांनी वरिष्ठ श्रेणी आणि चोवीस वर्षांनी निवडश्रेणी मिळू लागली. वर सांगितलेल्या चोवीस वाढींशी हे आकडे कसे जुळतात ते श्रोत्यांच्या ध्यानी आलेच असेल. शिक्षकांच्या खोलीत ‘चट्टोपाध्याय मिळाला’ असे म्हणण्याचा प्रघात पडला, आणि एका तत्त्वज्ञ प्राध्यापकाचे नाव अशा रीतीने बागलाणच्या खेड्यापाड्यांत वेतनश्रेणीचे नाव होऊन बसले. निवडश्रेणी मात्र सर्वांना नव्हती. वरिष्ठ श्रेणीतील जागांच्या शेकडा वीसच. म्हणजे चोवीस वर्षे भरली तरी ज्येष्ठतेच्या यादीत आपला क्रमांक कोठे, हे पाहणे आलेच.

येथे भांडणाचे स्वरूप पालटले. दीर्घ सेवेला मोल आहे, हे तत्त्व कोणी नाकारीनासे झाले. आता वाद उरला तो असा, की सेवा मोजावयाची कोणत्या दिवसापासून? आणि हा वाद पूर्वीच्या वादांहून अधिक चिवट निघाला. तत्त्वाचा वाद एकदा सुटला म्हणजे सर्वांचा सुटतो; तारखेचा वाद प्रत्येक माणसागणिक नव्याने सुरू होतो.

कारण सरकारी नोकरीस पहिला दिवस एकच नसतो. पाटबंधारे आणि बांधकाम या खात्यांकडे पाहा. धरण बांधावयाचे म्हणजे माणसे तत्काळ हवीत. कोणी रोजंदारीवर लागतो. सलग पाच वर्षे भरली म्हणजे कालेलकर निवाड्यानुसार तो रूपांतरित अस्थायी आस्थापनेवर येतो. कोणी ‘कार्यव्ययी’ आस्थापनेवर लागतो. म्हणजे त्याचा पगार खात्याच्या कायम खर्चातून न निघता त्या त्या बांधकामाच्या अंदाजपत्रकातून निघतो. काम संपले की नोकरी संपावी, अशी कल्पना. पण आपल्याकडे धरणे लवकर संपत नाहीत, आणि संपली तरी कालवे राहतात. मग काही वर्षांनी त्या माणसाला नियमित पदावर ‘सामावून’ घेतात. आता त्याचा पहिला दिवस कोणता? ज्या दिवशी त्याने खांद्यावर मोजणीची साखळी घेतली तो, की ज्या दिवशी त्याच्या सेवापुस्तकात ‘नियमित’ हा शब्द उमटला तो?

अशा एका तांत्रिक सहाय्यकाचे प्रकरण महाराष्ट्रातूनच सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, आणि या साऱ्या इतिहासाचे सार त्यात सापडते. तो 11 मे 1982 रोजी कार्यव्ययी आस्थापनेवर नेमला गेला. 26 सप्टेंबर 1989 च्या आदेशाने ‘स्थापत्य अभियांत्रिकी सहाय्यक’ या नव्या पदावर त्यास सामावून घेतले. खात्याने 1982 पासून सेवा धरून बारा वर्षांचा पहिला लाभ दिला, पुढे चोवीस वर्षांचा दुसराही दिला. या गणनेला शासनाची आणि वित्त विभागाची संमती होती. 31 मे 2013 रोजी तो निवृत्त झाला. निवृत्तिवेतनाचे कागद महालेखापालांकडे गेले, आणि तेथे आक्षेप निघाला, की पहिली सात वर्षे मोजलीच कशी? 2015 मध्ये, म्हणजे निवृत्तीनंतर दोन वर्षांनी, त्याचे वेतन मागील तारखेपासून खाली आणले गेले आणि निवृत्तिवेतनही कमी केले गेले.

राज्याच्या नोकरास अशा वेळी प्रथम प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जावे लागते. महाराष्ट्रात ते 1991 मध्ये स्थापन झाले, आणि सरकारी नोकरांत ते ‘मॅट’ याच नावाने ओळखले जाते. उच्च न्यायालयांवरील भार कमी व्हावा, निकाल लवकर लागावा, असा त्यामागचा हेतू होता. परंतु 1997 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने न्यायाधिकरणांचे निर्णय उच्च न्यायालयाच्या तपासणीस पात्र ठरविले. तत्त्वतः ते योग्यच झाले. व्यवहारात पायऱ्या तीन झाल्या. (जिल्हा परिषदेच्या शिक्षकाला मात्र न्यायाधिकरणाचे दार नाही. तेव्हा नामपुरात शेजारी-शेजारी राहणारे कालव्यावरचा मनुष्य आणि गुरुजी एकाच दुखण्यासाठी दोन निरनिराळ्या वैद्यांकडे जातात.) आमचा तांत्रिक सहाय्यक पहिल्या दोन्ही पायऱ्यांवर जिंकला. 2019 मध्ये न्यायाधिकरणाने त्याच्या बाजूने निकाल दिला, 2021 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो कायम केला.

शासन तिसरी पायरी चढले. 21 मार्च 2022 रोजी सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला, की कार्यव्ययी आस्थापनेवरील नोकरी निराळ्या पदावरची आणि निराळ्या वेतनाची होती; निवृत्तिवेतनाच्या पात्रतेसाठी ती धरता येईल, पण कालबद्ध पदोन्नतीसाठी नाही. बारा वर्षे 1989 पासूनच मोजावयाची.

मग इतकी वर्षे जे अधिक दिले गेले त्याचे काय? या प्रश्नाचाही एक इतिहास आहे. चूक खात्याची, पैसे खर्च झालेले, आणि वसुलीची नोटीस निवृत्तीच्या उंबरठ्यावर, असा प्रकार इतका सर्रास होऊ लागला की, 18 डिसेंबर 2014 रोजी पंजाबच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयास त्याविषयी दंडकच घालून द्यावे लागले. तृतीय व चतुर्थ श्रेणीतील नोकर, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, आणि ज्यांना असे पैसे पाच वर्षांहून अधिक काळ मिळत आले ते, यांच्याकडून वसुली करू नये. याला लगोलग एक पळवाट निघाली. 2016 च्या एका निर्णयाने ठरले, की ज्याने वेतननिश्चितीच्या वेळी ‘जादा दिले गेल्यास परत करीन’ असे हमीपत्र दिले असेल, तो त्याने बांधलेला आहे. ते प्रकरण एका न्यायाधिकाऱ्याचे होते. तेव्हापासून वेतननिश्चितीच्या कागदांत हे हमीपत्र आहे की नाही, हे दोन्ही पक्षांचे वकील प्रथम पाहतात. माझ्या मते ज्याला सही केल्याशिवाय वाढ मिळत नाही, त्याच्या सहीला संमती म्हणणे हे थोडे धाडसाचेच आहे.

आमच्या सहाय्यकाच्या बाबतीत न्यायालयाने वसुलीस मनाई केली. त्याने काही लपविले नव्हते, शासनाच्या संमतीनेच लाभ मिळाला होता, आणि वेतन घटविले तेही निवृत्तीनंतर, ही कारणे त्यांनी दिली. परंतु निवृत्तिवेतन मात्र पुढे 1989 च्या हिशेबानेच ठरवावे असे सांगितले. म्हणजे झाले ते राहिले, व्हावयाचे ते बदलले.

या निर्णयाला दोष देणे सोपे आहे. मी तो देऊ इच्छीत नाही. ‘नियमित सेवा’ हे शब्द योजनेतच लिहिलेले होते आणि न्यायालयाने ते वाचले. केंद्राच्या सुधारित योजनेबाबतही 5 मार्च 2020 रोजी असेच झाले होते. लाभ म्हणजे वरच्या पदाचे वेतन नव्हे, तर वेतनतक्त्यातील केवळ पुढची पायरी, असे न्यायालयाने ठरविले, कारण योजनेचे शब्द तसे होते. प्रश्न आहे तो शब्द लिहिणाराच्या कर्तव्याचा. ज्या खात्याने माणसाला सात वर्षे अनियमित ठेवले, त्याच खात्याने त्या अनियमितपणाचा भार निवृत्तीनंतर त्या माणसावर टाकावा, आणि मध्ये वित्त विभागाची संमती झालेली असूनही टाकावा, हे शब्दांत बसत असले तरी व्यवहारात बसत नाही. आपल्या वाण्यानेही वीस वर्षांपूर्वीचे बिल असे उकरून काढले, तर आपण त्याचे दुकान बदलू. सरकारी नोकराला दुकान बदलता येत नाही.

विलंबाचीही एक मोजदाद आहे. 2008 च्या एका निर्णयाप्रमाणे, वेतन कमी मिळत राहणे हा दर महिन्याला नव्याने घडणारा अन्याय असल्यामुळे दावा उशिरा लावला तरी चालतो. पण थकबाकी मिळते ती साधारणतः दाव्यापूर्वीच्या तीन वर्षांचीच. म्हणजे जो साहेबाला दुखवावयाचे नाही म्हणून दहा वर्षे गप्प बसला, त्याच्या सात वर्षांवर पाणी पडले. म्हणून ज्यांच्या घरी कोणी सरकारी नोकरीत आहे, त्यांनी सेवापुस्तक वर्षातून एकदा तरी मागून पाहावे. ते कचेरीत असते आणि बहुतेकांना त्याचे दर्शन निवृत्तीच्या वेळीच घडते. पहिल्या पानावरची तारीख, नेमणुकीचा प्रकार, मधल्या खंडांच्या नोंदी आणि वेतनपडताळणी पथकाचा शिक्का, इतके पाहिले तरी पुष्कळ झाले.

आणखी एक हिशेब सांगावयाचा राहिला. त्या तांत्रिक सहाय्यकाची सेवा 26 सप्टेंबर 1989 पासून मोजली, तर त्याची चोवीस वर्षे सप्टेंबर 2013 मध्ये भरतात. तो निवृत्त झाला होता मे महिन्याच्या अखेरीस. चार महिने कमी पडले. त्याने सरकारी कामावर घालविलेली एकूण वर्षे एकतीस होती.